हुकमी लेखणी

"एकाच मालिकेचे २८१ भाग जो एकटा लिहून काढतो तो लेखक कसला, तो कारकून," असा शेरा आमच्या एका विद्वान स्नेह्यांनी हेर्बर्ट राइनेकर या जर्मन पटकथाकाराविषयी मारला, आणि तो मला सलत राहिला. रहस्यकथेची वाङ्मयीन प्रतिष्ठा किती, या जुन्या वादात मला शिरायचे नाही. परंतु विपुलता हा अपराध मानला, तर आमच्या कीर्तनकारांनाही आरोपीच्या पिंजऱ्यात उभे करावे लागेल.

गुन्हा कोणी केला आणि गुन्हा करण्यापर्यंत माणूस आला कसा, हे दोन प्रश्न मला नेहमीच निराळे वाटत आले आहेत. पहिल्याचे उत्तर पंचनाम्यात सापडते, दुसऱ्याचे तेथे मावत नाही. १९७४ साली सुरू झालेल्या 'डेरिक' या राइनेकरच्या त्या मालिकेच्या आरंभीच्या भागांत खुनी कोण हे प्रेक्षकाला आधीच ठाऊक असे, आणि मग म्युनिकचा तो उंच, थकल्या डोळ्यांचा अंमलदार एखाद्या धनिकाच्या दिवाणखान्यात, आवाज तसूभरही न चढवता, समोरच्याचा धीर सुटेपर्यंत थांबून राही. प्रेक्षकांना ते रुचले नाही व पुढे रीत बदलली. तथापि दुसऱ्या प्रश्नाचा ध्यास असलेल्या माणसाला कारकून म्हणणे मला अन्यायाचे वाटले.

येथे थोडे विषयांतर. या मालिकेची खूण म्हणून जर्मनीत सर्वतोमुखी झालेले वाक्य म्हणजे 'हॅरी, गाडी काढून ठेव'. आणि जाणकार सांगतात की ते त्या रूपात 'डेरिक'मध्ये कधी उच्चारलेच गेले नाही! इतक्या भागांतून लोकांनी उचलले काय, तर वरिष्ठाने कनिष्ठाला केलेला एक हुकूम, आणि तोही पदरचा.

या हुकमानेच मला अडविले. कारण हिटलरच्या युवकसंघटनेच्या नियतकालिकांत ज्याची लेखणी घडली, जो वाफेन-एसएसचा युद्धवार्ताहर होता, आणि ज्याने १९४४ साली आल्फ्रेट वाइडेनमान या दिग्दर्शकाबरोबर 'युंगे आडलर' हा प्रचारपट लिहिला, त्याच राइनेकरने दहाच वर्षांनी, त्याच वाइडेनमानसाठी, हिटलरच्या विरोधात गेलेल्या हेरप्रमुखावर 'कानारिस' लिहिला. आणि पुढे 'डेरिक'चे कित्येक भागही वाइडेनमाननेच दिग्दर्शित केले. या साऱ्या खूनकथांत कोणी प्रायश्चित्त पाहतात. मलाही ते पाहावयाचे होते. परंतु तेथे पाप असते ते खाजगी: लोभी वारसाचे, मत्सरी पतीचे, बिघडलेल्या मुलाचे. सरकारी दप्तर मात्र सदैव स्वच्छ, आणि त्याचा अंमलदार दुःखी असला तरी निष्कलंक. ज्या राज्यात खून हेच दप्तराचे काम होते, त्या राज्यात वाढलेल्या लेखकाला हे सुचावे! तेव्हा स्नेह्यांचा शब्द मी स्वीकारतो, मात्र त्यांचे कारण नव्हे. भागांच्या संख्येशी त्याचा काडीचाही संबंध नाही.

डेरिकची भूमिका करणारा होर्स्ट टाप्पर्ट हाही वाफेन-एसएसमध्ये होता, हे २०१३ साली उघड होताच झेडडीएफ वाहिनीने पुनःप्रक्षेपणाचा विचार सोडला. राइनेकरने आपला पूर्वेतिहास १९९० च्या आत्मवृत्तात स्वतःच मांडला होता, आणि त्यानंतरही आठ वर्षे मालिका निर्वेध चालली होती.