कर्ता एक, भोक्ता दुसरा

चाकणच्या औद्योगिक वसाहतीतील एखाद्या मोठ्या कारखान्यात मान वर करून पाहण्याची तसदी घेतली, तर छताच्या कैच्यांखाली, क्रेनच्या वाटेला बगल देत, जस्ताचा मुलामा दिलेल्या पत्र्याचे सच्छिद्र ट्रे या टोकापासून त्या टोकापर्यंत गेलेले दिसतात. त्यांत विजेच्या केबल एकीकडे आणि संदेशवहनाच्या दुसरीकडे अशा निरनिराळ्या मांडलेल्या असतात, आणि या दुसऱ्या पंक्तीतच ती काचेची केबल असते, जिच्या तंतूचा गाभा अवघा सुमारे ९ मायक्रॉन व आवरणासह सारी काच १२५ मायक्रॉन जाडीची भरते. ती ओढणाऱ्याने दोन पथ्ये तरी कसोशीने पाळावयाची असतात: ताण काचेवर न येऊ देता आतल्या अ‍ॅरामिडच्या धाग्यांवर घ्यावयाचा, आणि ओढताना वळणाची त्रिज्या केबलच्या व्यासाच्या साधारण वीसपटीखाली जाऊ द्यावयाची नाही.

पथ्य मोडले, तर बहुधा त्या दिवशी काहीच होत नाही. तंतू तुटत नाही. तंतूत प्रकाश सोडून त्यातील दोष शोधणाऱ्या ओटीडीआर यंत्राने १३१० नॅनोमीटरच्या प्रकाशावर तेवढी तपासणी उरकली, तर १५५० वर उघडे पडले असते ते आवळ वळणही लपून जाते. दाखला मिळतो आणि ठेकेदाराचे बिल मंजूर होते. परंतु त्या वळणात काचेच्या पृष्ठभागावरील एखादी अगोचर चीर ताणाखाली राहते, हवेतील आर्द्रता तिच्या टोकाशी काचेचे बंध हळूहळू सोडवीत जाते, आणि काही वर्षांनी, एखाद्या पावसाळ्यात, तिसऱ्या पाळीत, कोणी बोटही लावलेले नसताना तंतू तुटतो.

कर्म संपून गेल्यावर त्याचे फळ पुष्कळ काळाने कसे उगवते, हा प्रश्न मीमांसकांना यज्ञाच्या बाबतीत पडला होता. यज्ञ आज समाप्त व्हावयाचा आणि स्वर्ग देहपातानंतर मिळावयाचा, तेव्हा मधल्या काळात दोहोंना जोडणारी ‘अपूर्व’ नावाची एक अदृष्ट शक्ती त्यांनी मानली. काचेतील चीर हे अपूर्वाचे लौकिक रूप म्हणावयास हरकत नाही. मात्र एका बाबतीत ती शास्त्राला जुमानीत नाही. शास्त्रातले अपूर्व कर्त्याच्या आत्म्याशी बांधलेले असते, ही चीर केबलशी बांधलेली आहे. केबल ओढणारा ठेक्यावरील मुलगा केव्हाच रांजणगावला दुसऱ्या कामावर गेलेला असतो, आणि फळ पदरी पडते ते रात्री शिडीवर चढून, बॅटरीच्या उजेडात एकेका ट्रेचे झाकण काढीत तुटीची जागा शोधणाऱ्या दुरुस्ती-कारागिराच्या. वर साहेबांची बोलणीही त्यालाच खावी लागतात.

आमच्या दर्शनकारांनी या विपरीताला नावे देऊन ठेविली आहेत: केलेल्याचे फळ कर्त्याला न मिळणे हा कृतनाश, आणि न केलेल्याचे फळ माथी येणे हा अकृताभ्यागम. क्षणिकवादी बौद्धांवर वैदिकांचा मोठा आक्षेप हाच होता, की कर्ता जर फळाच्या क्षणापर्यंत टिकतच नसेल, तर तुमच्या मतात हे दोन्ही दोष अटळ आहेत. त्या वादाचा निवाडा पंडितांनी करावा. ठेकेदारी पद्धतीने मात्र क्षणिकवाद व्यवहारापुरता सिद्ध करून दाखविला आहे.

याच पट्ट्यात, देहूरोड येथे, २५ डिसेंबर १९५४ रोजी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी बुद्धमूर्तीची प्रतिष्ठापना केली. त्यांच्या निधनानंतर १९५७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘द बुद्ध अँड हिज धम्म’ या ग्रंथात त्यांनी कर्माचा जो अर्थ लाविला, तो मला या प्रकरणी शास्त्रीमंडळींच्या अर्थाहून अधिक ग्राह्य वाटतो. गतजन्मीच्या कर्माचा हिशेब या जन्मी चुकता होतो हे मत त्यांनी नाकारले, आणि कर्माच्या नियमाचा संबंध एकेका व्यक्तीच्या नशिबाशी नसून समाजाच्या नैतिक व्यवस्थेशी आहे असे प्रतिपादिले. जन्मांतरीचा जमाखर्च खरा धरला, तर शिडीवरच्या कारागिराला ‘हे तुझेच पूर्वसंचित’ असे सांगणे प्राप्त होते. आणि असे सांगणारा गृहस्थ बहुधा खाली खुर्चीवर बसलेला असतो.

प्रश्न व्यवस्थेचा ठरला, की उपाय दफ्तरात शोधावा लागतो. केबलच्या दोन्ही टोकांना चिठ्ठी, ट्रे प्रत्यक्षात जसा गेला तसा दाखविणारा नकाशा, आणि बसविल्या दिवशीचा ओटीडीआरचा आलेख, एवढे कागद जपले तर निम्मी रात्र वाचते. कारण यंत्र तुटीचे अंतर सांगते, पण त्या अंतरावर कोणता खांब आणि कोणते वळण आहे हे नकाशावाचून कळत नाही. या कागदांवर सही अभियंत्याची असते, ओढणाऱ्याची नसते, हे मला खटकते. तरी दोष निघाला तर कागद कोणाकडे तरी बोट दाखवील. ज्याने जेवणाची सुटी लांबवून वळण सैल घेतले, त्याच्या कर्माचे फळ मात्र एक न घडलेली घटना आहे. अभावाच्या ज्ञानासाठी भाट्ट मीमांसकांनी अनुपलब्धी हे स्वतंत्र प्रमाण मानले. मोजमापाच्या वहीत मात्र त्या प्रमाणाला रकाना नाही; तीत ट्रेची लांबी मीटरांत आणि जोडांची संख्या नगांत लिहिली जाते, आणि बिल तेवढ्याचेच निघते.