प्रतिग्रंथ आणि उत्तरदायित्व : 'त्लोन'च्या तर्कविश्वातील एक नैतिक प्रश्न

एखादे विधान आणि त्याचा निषेध ही दोन्ही एकाच वेळी व एकाच अर्थाने सत्य असू शकत नाहीत, हा ॲरिस्टॉटलने मांडलेला नियम पाश्चात्त्य तर्कशास्त्राचा पाया मानला गेला आहे. त्याच्या समर्थनार्थ पुढे जो युक्तिवाद वारंवार केला गेला तो परिणामांचा आहे. एक व्याघात मान्य केला की अभिजात तर्कपद्धतीत त्यातून कोणतेही विधान निष्पन्न करता येते. आणि सारेच सिद्ध होऊ लागले की काहीच सिद्ध होत नाही. या युक्तिवादाचे स्वरूप तार्किक असले तरी त्याच्या मुळाशी एक नैतिक भय आहे. जो 'होय' आणि 'नाही' दोन्ही म्हणतो त्याला कशाबद्दलच जाब विचारता येणार नाही, हे ते भय. ते कितपत साधार आहे, या प्रश्नाचा विचार होर्हे लुइस बोर्हेस यांच्या 'त्लोन, उक्बार, ऑर्बिस तेर्तिउस' (1940) या कथेच्या आधारे करता येण्याजोगा आहे.

त्लोन हा एका गुप्त मंडळाने रचलेल्या विश्वकोशातील कल्पित ग्रह. तेथील माणसे जन्मतःच चिद्वादी आहेत. अवकाशात टिकून राहणाऱ्या वस्तू त्यांना ठाऊक नाहीत. त्यांचे जग म्हणजे एकामागून एक घडणाऱ्या मानसिक क्रियांची मालिका. दक्षिण गोलार्धातील भाषांत नामे नाहीत, क्रियापदे आहेत. तेथील तत्त्वज्ञ सत्याचा नव्हे, विस्मयाचा शोध घेतात. त्यांच्या प्रत्येक तात्त्विक ग्रंथात प्रतिपाद्य सिद्धांताच्या मंडनाइतकेच काटेकोर खंडन असावे लागते. ज्या ग्रंथात त्याचा प्रतिग्रंथ नाही तो तेथे अपूर्ण समजला जातो.

वरवर पाहता भारतीय वाचकाला यात अपरिचित असे काही वाटू नये. आपल्या शास्त्रग्रंथांतही पूर्वपक्ष असतो, आणि तो प्रतिपक्षाच्या सर्वोत्तम युक्तिवादासह मांडावा अशी अपेक्षा असते. परंतु पूर्वपक्षाच्या पाठोपाठ उत्तरपक्ष आणि सिद्धांत येतो. ग्रंथकार अखेरीस कोठेतरी उभा राहतो. जैनांच्या स्याद्वादातही 'स्यात्' हा शब्द विधानाला एका विशिष्ट अपेक्षेशी बांधतो. बोलणारा कोणत्या दृष्टीने बोलत आहे हे तो लपवीत नाही. त्लोनचा ग्रंथकार मात्र दोन्ही बाजू तुल्यबळ मांडतो आणि निघून जातो. प्रश्न व्याघाताचा नाही, या निघून जाण्याचा आहे.

कथेतील नऊ तांब्याच्या नाण्यांचा कूटप्रश्न या दृष्टीने पुन्हा वाचावा लागतो. मंगळवारी एक जण निर्जन वाटेवर नऊ नाणी हरवतो. गुरुवारी दुसऱ्याला त्याच वाटेवर, बुधवारच्या पावसाने किंचित गंजलेली चार नाणी सापडतात. शुक्रवारी तिसऱ्याला वाटेवर तीन दिसतात, आणि त्याच दिवशी सकाळी पहिल्याला स्वतःच्या घरात दोन आढळतात. मधल्या काळातही नाणी अस्तित्वात होतीच, असे ठरवू पाहणारा पाखंडी ठरतो. त्याचे खंडन करणारे म्हणतात की 'हरवणे' आणि 'सापडणे' ही क्रियापदेच जे सिद्ध करावयाचे ते आधी गृहीत धरतात.

मराठीच्या अभ्यासकाला हे खंडन सहज उमगेल. मजुरी मिळते, हरवलेली वस्तू सापडते. 'मिळणे' भूतकाळाची आठवण सहसा मागत नाही. 'सापडणे' बहुधा मागते. त्लोनच्या पंडितांनी 'सापडणे' रद्द केले आणि 'मिळणे' तेवढे ठेवले, असे म्हणता येईल. समीक्षेने या प्रसंगाचे ज्ञानमीमांसात्मक विवेचन पुष्कळ केले आहे. त्याचा व्यवहारातील अर्थ मात्र सहसा दुर्लक्षित राहतो. गुरुवारची चार नाणी मंगळवारच्या नऊंपैकी नसतील, तर ती परत करण्याचे कर्तव्यही उरत नाही. तेथे चोरी शक्य नाही, तसे ऋणही शक्य नाही. ज्याने वचन दिले आणि ज्याच्याकडे त्याची पूर्तता मागावयाची, ते दोघे एक आहेत हेही सिद्ध करता येणार नाही. वस्तूचे सातत्य नाकारणारा विचार नकळत माणसाचे सातत्यही नाकारतो.

याचा अर्थ व्याघाताला थारा देणारी प्रत्येक व्यवस्था नीतिशून्य असते असा नव्हे. यास्कोव्स्की यांनी 1948मध्ये आणि न्यूटन द कॉस्ता यांनी 1963मध्ये मांडलेल्या तर्कपद्धतींनी हे दाखवून दिले आहे की व्याघात असूनही सर्व काही सिद्ध होण्याची आपत्ती टाळता येते. ग्रॅहम प्रीस्ट यांच्या 'सिल्व्हन्स बॉक्स' (1997) या कथेतील पेटी रिकामी आहे आणि रिकामी नाहीही. तरी कथा सुसूत्रपणे पुढे जाते आणि वाचक वाटेल तो निष्कर्ष काढीत नाही. तेव्हा अराजकाचे भय तार्किकदृष्ट्या अपरिहार्य नाही.

खरा भेद ऑर्वेलच्या 'नाइन्टीन एटी-फोर' (1949) या कादंबरीशेजारी त्लोनला ठेवले की स्पष्ट होतो. ऑर्वेलच्या राज्यातही परस्परविरोधी समजुती एकाच मनात नांदतात. पण तेथे जुनी वृत्तपत्रे दुरुस्त केली जातात आणि मूळ प्रती जाळल्या जातात. व्याघात जपण्यासाठी तेथे त्याचा पुरावा नष्ट करावा लागतो. त्लोनमध्ये प्रतिग्रंथ जाळला जात नाही, ग्रंथातच ठेवला जातो. हे त्याचे श्रेष्ठत्व. परंतु कोणत्याच बाजूला कोणी बांधील नसल्यामुळे दोन्ही बाजू सारख्याच निरुपद्रवी होतात; हा त्याचा दोष. कथेच्या उत्तरार्धात त्लोनची शिस्त खऱ्या जगाला मोहात पाडते, तेव्हा निवेदक नाझीवादासारख्या व्यवस्थांच्या आकर्षणाचा उल्लेख करतो, तो योगायोग नव्हे. दोन्ही बाजू ऐकण्याची ज्यांना केवळ सवय आहे, त्यांच्यापाशी एका बाजूला नकार देण्याचे बळ असतेच असे नाही.

अखेरीस जग त्लोन होत असताना निवेदक एका हॉटेलात सतराव्या शतकातील टॉमस ब्राउन यांच्या गद्याचा अनुवाद तपाशीत बसतो. तो प्रसिद्ध करण्याचाही त्याचा विचार नाही. ही माघार आहे असे मानण्याची प्रथा आहे. वस्तुतः अनुवाद हाही एक व्याघातच आहे : अनुवादित संहिता मूळ संहिता असते आणि नसतेही. मात्र अनुवादकाला प्रत्येक शब्दागणिक मुळाला जाब द्यावा लागतो. पाखंडी ज्या सातत्यासाठी भांडला, ते येथे कोणत्याही सिद्धतेवाचून पाळले जाते. व्याघात मान्य करूनही उत्तरदायी राहता येते, याचे त्या कथेतील उदाहरण हेच. आणि ते त्लोनमध्ये नाही, त्लोनकडे पाठ फिरवलेल्या एका माणसापाशी आहे.