चुकलेला ठेका

एका आषाढी एकादशीस पंढरीची वारी घडली नाही, म्हणून नाहूरची आम्ही पाचसहा माळकरी मंडळी वडाळ्याच्या विठ्ठलमंदिरी निघालो. कुर्ल्यास गाडी बदलायची होती. डब्यात सावळ्या विठूचे भजन रंगले होते. भांडुपला एक तरुण चढला. काळाकभिन्न, कुरळ्या केसांचा, पाठीवर दप्तर. तो शेजारी उभा राहिला आणि आमचा हात टाळ सोडून पिशवीवर गेला. ठेका चुकला, तेव्हा ते आम्हांस उमगले. त्यानेही पाहिले. बोलला काही नाही. दाराबाहेर बघत राहिला.

आमच्या मनात भेदभाव नाही, असे आदल्या दिवशी आम्ही तुळशीमाळेवर हात ठेवून सांगितले असते, आणि ते खोटेही नसते. १९४७ च्या मे महिन्यात साने गुरुजी पंढरीस उपोषणाला बसले, तेव्हा हरिजनांना राउळात घेऊ नये, असे म्हणणारे उघड म्हणत होते. उघड बोलणाऱ्याशी वाद तरी घालता येतो. आता भेद तोंडातून बराचसा गेला. हातात मात्र राहिला. सिकंदराबादेत जन्मलेल्या मानसशास्त्रज्ञ महझरीन बानाजी व त्यांच्या सहकाऱ्यांनी १९९८ पासून हेच तपासले. गोरे-काळे चेहरे आणि बरे-वाईट शब्द यांच्या जोड्या झटपट लावायच्या. काळ्या चेहऱ्याशी बरा शब्द जोडताना पुष्कळांना क्षणभर जास्त वेळ लागतो. समतेची मनापासून चाड असणारेही त्यातून सुटत नाहीत. एकट्यादुकट्याची पारख त्यावरून करू नये म्हणतात. असो, आमची तर गाडीतच झाली.

बरे, शब्द पाहा. देव सावळा आणि माणूस काळाकभिन्न! वर लिहिताना तोच शब्द आला, खोडला नाही. तो परदेशी असावा, हेही आम्हीच ठरवले. जंजिऱ्याचे सिद्दी शतकानुशतके आपल्या कोकणातले. निजामशाही सांभाळणारा मलिक अंबर हबशीच होता. शहाजीराजे त्याच्या बाजूने लढले.

वारीत आम्ही अनोळखी माणसाच्या पाया पडतो. तिथे कपाळी बुक्का, गळ्यात माळ दिसते. मग आम्ही पाया पडतो ते माणसाच्या की माळेच्या?

मंडळीतले एक बुवा म्हणाले, “अहो, एवढं काय मनाला लावून घेता? मुंबईत पिशवी सांभाळावीच लागते.”

खरे आहे. पण घाटकोपरला दहाबारा जण आमच्या अंगावर रेलून उभे होते, पिशवीला त्यांचे गुडघे लागत होते, आणि आमचा ठेका एकदाही चुकला नाही.