हक्क आणि छप्पर

१९४८ सालच्या युद्धांत पॅलेस्टाईनमधील ७ लक्षांहून अधिक अरब आपल्या घरांस मुकले. त्याच वर्षीं ११ डिसेंबरला संयुक्त राष्ट्रांच्या आमसभेनें ठराव केला कीं, शेजाऱ्यांशीं सलोख्यानें राहूं इच्छिणारांस घरीं परतूं द्यावें. ठराव कागदावरच राहिला. बेरूतच्या शातिला छावणींत तंबूंच्या जागीं सिमेंटच्या खोल्या एकीवर एक चढल्या, आणि त्यांत नातवंडें जन्मलीं.

परतण्याचा हक्क जिवंत राहावा म्हणून माणसास जन्मभर परकें ठेवणें न्याय्य आहे काय? लेबनॉनच्या राज्यकर्त्यांचें उत्तर होकारार्थी आहे. येथें कायमचे वसलांत तर तिकडचा हक्क गमवाल, असा त्यांचा युक्तिवाद. (देशांतील पंथांचा तोल ढळेल ही धास्तीही त्यामागें आहेच.) म्हणून बहुतेकांस नागरिकत्व नाहीं, वैद्यकी, वकिली नाहीं, २००१ च्या कायद्यानें घर विकत घेण्याचीही सोय नाहीं. उलट जॉर्डननें १९५४ च्या कायद्यान्वयें बहुतेकांस नागरिक करून घेतलें. तरी तेथील २० लक्षांहून अधिक जण आजही संयुक्त राष्ट्रांच्या दप्तरीं पॅलेस्टाईनचे निर्वासित म्हणून नोंदलेले आहेत!

ज्याचें घर गेलें त्याचा दावा घर घेणारावर. तो शाबूत राखण्याचा खर्च निर्वासिताच्याच पोराकडून वसूल करावा, यास आम्ही न्याय म्हणूं शकत नाहीं. इस्रायलनें १९५० च्या कायद्यानें जगांतील ज्यूंस परतण्याचा हक्क दिला; न्यूयॉर्कांत सुखानें नांदणाऱ्या ज्यूचा तो हक्क त्याच्या अमेरिकन नागरिकत्वानें बुडाल्याचें कोणीं म्हटलेलें नाहीं.