गोठलेला इतिहास आणि पुसलेला अपराध

जे घडून गेले ते ‘घडलेच नव्हते’ असे पुढे कधी सत्य ठरू शकते काय, हा प्रश्न वरवर पाहता तर्कशास्त्रज्ञांच्या विरंगुळ्याचा वाटतो. यात्सेक दुकाय या पोलिश लेखकाने २००७ साली प्रसिद्ध झालेल्या ‘लूद’ (अर्थात ‘बर्फ’) या हजारावर पृष्ठांच्या कादंबरीत तो नीतिविचाराच्या कक्षेत ओढून आणला आहे. त्यासाठी त्याने एक अख्खे कल्पित विज्ञान रचले. वैज्ञानिक कादंबरीत विज्ञान हे पुष्कळदा नेपथ्यासारखे असते. इथे तसे नाही. या बर्फाचे नियम बाजूला काढले तर कादंबरीत विचार करण्याजोगे फारसे उरणार नाही.

३० जून १९०८ रोजी सैबेरियात तुंगुस्का नदीच्या परिसरात आकाशात प्रचंड स्फोट झाला आणि सुमारे दोन हजार चौरस किलोमीटरवरील अरण्य आडवे झाले, एवढा भाग वास्तवातला. दुकायच्या कथेत या स्फोटाबरोबर एक विलक्षण बर्फ पृथ्वीवर येतो आणि पश्चिमेकडे सरकत वॉर्सापर्यंत पोहोचतो. कथेचा काळ १९२४ हा आहे. महायुद्ध झालेले नाही, रशियन क्रांती झालेली नाही, पोलंड अजून झारच्याच अमलाखाली आहे. या थंडीतून निघालेल्या धातूंवर नवे उद्योग उभे राहिले आहेत आणि प्रकाशाच्या उलट वागणाऱ्या अंधाराचे एक ‘काळे’ भौतिकशास्त्रही. परंतु बर्फाचा खरा नियम तार्किक आहे. त्याच्या प्रदेशात प्रत्येक विधान एकतर सत्य असते किंवा असत्य. बर्फ नसलेल्या उन्हाळी मुलखात मात्र या दोहोंच्या मधले काहीतरी टिकू शकते. म्हणूनच इथे इतिहासही गोठलेला आहे. बर्फ वितळला तर भूतकाळदेखील एकाहून अधिक होईल, अशी काहींना आशा आहे आणि काहींना धास्ती.

ही कल्पना हवेतून आलेली नाही. तादेउश कोतार्बिन्स्कीने १९१३ साली भविष्याच्या अस्तित्वाचा प्रश्न मांडला: उद्याच्या घटनेविषयीचे विधान आजच सत्य असेल, तर मनुष्याच्या कर्तृत्वाला जागा कोठे उरते? स्तानिस्वाव लेश्न्येव्स्कीने त्याच वर्षी सत्य हे अनादिही असते असे सांगून त्याचे खंडन केले. यान वुकाशेविचने वॉर्सा विद्यापीठात १९१८ साली तिसऱ्या सत्यमूल्याची घोषणा केली आणि १९२० मध्ये त्रिमूल्य तर्कशास्त्राची मांडणी प्रसिद्ध केली. परंतु दुकायच्या कादंबरीशी अधिक जवळचे नाते आहे ते वुकाशेविचने १९२२ साली कुलगुरू या नात्याने दिलेल्या, पुढे सुधारलेल्या आणि त्याच्या मृत्यूनंतर १९६१ मध्ये प्रकाशित झालेल्या नियततावादावरील व्याख्यानाचे. भविष्य अनिश्चित असेल तर भूतकाळालाही तोच न्याय लावला पाहिजे, असे तो तेथे म्हणतो. ज्या घटनेचे सर्व परिणाम संपून गेले, ती वास्तवातून शक्यतेच्या प्रांतात गेली. आणि मग तो तर्कज्ञाकडून अपेक्षित नसलेले एक वाक्य लिहितो. त्याचा आशय असा की, माणसाच्या आयुष्यात दुःखाचे आणि त्याहून कठीण असे अपराधाचे क्षण असतात. ते स्मृतीतूनच नव्हे, अस्तित्वातूनही पुसले जातील तर बरेच होईल.

या सांत्वनात करुणा आहे, यात शंका नाही. परंतु ते कोणाचे सांत्वन आहे? दुःख ज्याचे त्याने पुसावे, त्याला कोणाचा आक्षेप असणार नाही. अपराधाची गोष्ट वेगळी, कारण अपराधाला निदान दोन माणसे लागतात. परिणाम विझले की घटनाही विझते हे एकदा मान्य केले, म्हणजे पुरावा जाळणारा केवळ पुरावा जाळत नाही. तो मृताचा मृत्यूही नाहीसा करतो. लिखित नोंदी नष्ट करणाऱ्या राजवटींना याहून अनुकूल तत्त्वज्ञान सापडणे कठीण. वुकाशेविचच्या मनात असे काही नव्हते, हे उघड आहे. पण सिद्धान्ताचे परिणाम सिद्धान्तकर्त्याच्या सद्भावावर अवलंबून नसतात.

दुकायने हा पेच कथनाच्या व्याकरणातच बसवला आहे. नायक बेनेदिक्त ग्येरोस्वाव्स्की हा गणिती. आपण अस्तित्वात नाही अशी त्याची ठाम समजूत. त्यामुळे स्वतःची हकीकत सांगताना तो ‘मी’ टाळतो आणि पोलिश भाषेतील कर्तृनिरपेक्ष रचना वापरतो. मराठी वाचकाला ‘बसले गेले’, ‘बोलले गेले’ अशा वाक्यांवरून तिची थोडीफार कल्पना येईल. कर्ता नसलेल्या क्रियेचा जाब कोणाला विचारायचा? सैबेरियात हद्दपार झालेला त्याचा बाप बर्फाशी बोलतो असा बोलबाला आहे आणि त्याला शोधण्यासाठी सरकार या मुलालाच पैसे देऊन धाडते. ते पैसे तो घेतो. कर्त्याविना लिहिलेल्या वाक्यांतूनही ते घेणारा कोण, हे वाचकाला चांगले कळते.

पर्यायी इतिहासाचा मराठीतील परिचित नमुना म्हणजे जयंत नारळीकरांची ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ ही कथा. १७६१ साली गोळी विश्वासरावांच्या कानाजवळून निघून गेली, अशा जगात गंगाधरपंत जाऊन येतात आणि परतताना त्यांच्याजवळ बखरीचे एक पान राहते. वुकाशेविचच्या लेखी खुणा संपल्या की घटना निव्वळ शक्यता होते. नारळीकरांच्या कथेत एक खूण उरली म्हणून शक्यता वास्तव ठरते. दिशा उलट्या, पण भार दोन्हीकडे पुराव्यावरच आहे. पानिपतावर हळहळणाऱ्या वाचकाला ही कथा सुखावते. मात्र पंत हे व्यवसायाने इतिहासकार आहेत आणि कागद हाती असल्याखेरीज ते बोलत नाहीत, हे त्या हळहळीत सहसा निसटते.

‘बर्फ’मध्ये असे सुख नाही. बर्फ टिकला तर पोलंड पारतंत्र्यातच राहणार. वितळला तर १९१८चे स्वातंत्र्य शक्य होते. परंतु कादंबरीतील कोणालाही ठाऊक नसलेली आणि वाचकाला पुरती ठाऊक असलेली शतकाची बाकी कथाही शक्य होते. ज्या सैबेरियातून ही आगगाडी धावते, तिच्या ईशान्येला पुढे कोलिमाच्या छावण्या उभ्या राहिल्या. स्वातंत्र्य घ्यावे आणि छावण्या वगळाव्यात, अशी निवड कोणी देऊ करत नाही. कोणता काळ बरा, याचा जमाखर्च मांडू पाहणाऱ्या समीक्षकाची इथे अडचण होते, कारण एका बाजूचे मृत कधी जन्मलेच नाहीत आणि दुसऱ्या बाजूच्या मृतांना बोलण्याची सोय नाही.

सप्टेंबर १९३९ मध्ये वॉर्सावरील बॉम्बवर्षावात वुकाशेविचचा सारा ग्रंथसंग्रह आणि हस्तलिखिते जळाली. ॲरिस्टॉटलच्या संवाक्यशास्त्रावरील त्याच्या पोलिश ग्रंथाच्या पहिल्या भागाची मुद्रिते नुकतीच हाती आली होती. त्या छापखान्यासह तीही नष्ट झाली. त्याच्याच सिद्धान्ताप्रमाणे अशा खुणा पुरत्या विझल्यावर तो ग्रंथ शक्यतेच्या प्रांतात गेला असता. पुढे डब्लिनमध्ये त्याने त्याच विषयावर इंग्रजीतून पुन्हा लिहिले. १९५१ साली निघालेल्या त्या पुस्तकाच्या प्रस्तावनेत, काय जळाले आणि केव्हा जळाले, याची त्याने नोंद करून ठेवली आहे.