न वाचलेल्या ग्रंथाची शपथ

26 ऑगस्ट 1664. पॅरिसमधल्या पोर-रॉयाल मठाबाहेर शिपायांचा पहारा बसला होता, घोडागाड्या येऊन थांबल्या होत्या. आर्चबिशप पेरेफिक्स जातीने आत गेले आणि त्यांनी बारा धर्मभगिनींची नावं घेतली. या बारा जणींना त्याच दिवशी वेगवेगळ्या मठांत हलवण्यात आलं. त्यांत सत्तरीच्या मदर आन्येस आर्नोही होत्या. गुन्हा काय, तर एका कागदावर बिनशर्त सही करायला त्यांनी नकार दिला होता.

या कागदाचं मूळ एका ग्रंथात होतं. ईप्रचे बिशप कॉर्नेलियस यान्सेन 1638 मध्ये वारले आणि दोन वर्षांनी त्यांचा ‘ऑगस्टिनुस’ हा लॅटिन ग्रंथ प्रसिद्ध झाला. माणसाचा उद्धार कितपत त्याच्या हातात आहे आणि कितपत देवाच्या कृपेवर अवलंबून आहे, हा त्याचा विषय. यान्सेन यांनी सगळा भार कृपेवर टाकला, जेझुइट धर्मपंडितांना ते मान्य होणं शक्यच नव्हतं. 1653 मध्ये पोप दहावे इनोसंट यांनी या ग्रंथातली म्हणून सांगितलेली पाच विधानं पाखंडी ठरवली.

मदर आन्येसचे धाकटे भाऊ आंत्वान आर्नो हे सोर्बोनचे नामांकित धर्मशास्त्री. त्यांनी या निर्णयाची नीट फोड केली. ही विधानं पाखंडी आहेत का, हा तत्त्वाचा प्रश्न, आणि तो सोडवण्याचा अधिकार पोपचा. पण ती यान्सेन यांच्या ग्रंथात आहेत का, हा वस्तुस्थितीचा प्रश्न. त्यासाठी ग्रंथ उघडूनच पाहावं लागतं. पाचांपैकी पहिलं विधान त्यात जवळजवळ शब्दशः सापडतं. उरलेल्या चारांवरून पंडितांत जुंपली.

सोर्बोनने 1656 मध्ये आर्नोंना बाहेर काढलं. त्यांच्या बाजूने ब्लेझ पास्काल उतरले. त्यांनी गुपचूप छापून घेतलेली अठरा पत्रं पॅरिसभर हातोहात फिरली. शेवटच्या पत्रात त्यांनी गॅलिलिओचं उदाहरण दिलं : पृथ्वी फिरत असेल, तर रोमच्या हुकमाने ती थांबणार नाही. इंद्रियं, बुद्धी आणि श्रद्धा यांचं क्षेत्र वेगवेगळं आहे, आणि डोळ्यांनी ठरवायची गोष्ट डोळ्यांनीच ठरवावी, असं पास्काल यांचं म्हणणं. ते स्वतः निष्ठावान कॅथलिक होते, आणि हा युक्तिवाद त्यांनी चर्चच्या आत राहूनच केला.

रोमने मात्र पळवाट बंद केली. 1656 मध्येच पोप सातवे अलेक्झांडर यांनी जाहीर केलं, की विधानं यान्सेन यांच्याच ग्रंथातली आहेत आणि निषेध त्यांना अभिप्रेत असलेल्या अर्थाचाच आहे. 1661 मध्ये चौदाव्या लुईच्या दरबाराने हुकूम काढला : प्रत्येक धर्मगुरूने आणि धर्मभगिनीनेही मनाने आणि मुखाने हे मान्य असल्याची सही करावी.

मुखाने एक वेळ ठीक, पण मनाने? मठातल्या बहुतेकींना तो अवजड लॅटिन ग्रंथ वाचणं शक्यच नव्हतं. पोप म्हणतील ते पाखंड आम्हीही पाखंड मानतो, पण ग्रंथात काय आहे ते आम्हाला ठाऊक नाही, आणि जे ठाऊक नाही त्याची ग्वाही देवासमोर कशी द्यावी, असं त्यांचं सरळ म्हणणं होतं. पास्काल यांची बहीण जाक्लीन ही याच मठात होती. धूर्तपणे शब्द जुळवून केलेली सहीसुद्धा तिला खोटेपणा वाटे. अखेर वरिष्ठांच्या आग्रहाखातर तिने सही केली आणि त्याच वर्षी ऑक्टोबरमध्ये, छत्तिसाव्या वर्षी, ती वारली.

मठातून नेलेल्या बारा जणींत मदर आन्येसची भाची आंजेलिक द सें-जां होती. परक्या मठातल्या एकांताची हकिकत तिने लिहून ठेवली आहे. तिथे तिच्या मनात श्रद्धेच्या सगळ्याच गोष्टींबद्दल, देवाच्या योजनेबद्दलही, संशय डोकावला. हा संशय तिला कुठल्या नास्तिकाच्या पुस्तकाने दिला नव्हता. ज्या अधिकाऱ्यांना ती देवाचे प्रतिनिधी मानत होती, तेच तिला मनाविरुद्ध बोलायला लावत होते.

1665 मध्ये सही न करणाऱ्यांना पोर-रॉयालच्याच पॅरिसबाहेरच्या दुसऱ्या मठात पहाऱ्यात एकत्र ठेवलं आणि ख्रिस्तप्रसादासह सारे संस्कार बंद केले. श्रद्धाळू कॅथलिक स्त्रीसाठी याहून कठोर शिक्षा नाही.

चर्चच्या बाजूलाही वजन होतं. कुठला ग्रंथ काय शिकवतो हेच चर्चला ठरवता येत नसेल, तर ते श्रद्धेचं रक्षण करणार कसं? प्रत्येक लेखक म्हणेल, दोष खरा, पण तो माझ्या पुस्तकात नाही. पुढे आर्चबिशप फेनेलों यांनी हाच मुद्दा समर्थपणे मांडला.

पण ग्रंथाबद्दल निर्णय देणं वेगळं आणि तो न वाचलेल्या माणसाकडून मनाची खात्री वदवून घेणं वेगळं. नववे क्लेमेंट पोप असताना 1669 च्या सुमाराला तडजोड झाली. वस्तुस्थितीबाबत मौन पाळण्याची मुभा अप्रत्यक्षपणे मिळाली, संस्कार पुन्हा सुरू झाले, आणि पोपच्या अधिकाराला तडाही गेला नाही. 1705 मध्ये रोमने ती मुभा काढून घेतली. 1709 मध्ये पोलिसांनी उरलेल्या धर्मभगिनींना मठाबाहेर काढलं आणि पुढच्या काही वर्षांत राजाच्या हुकमाने मठ पाडला गेला. यान्सेन यांच्या ग्रंथाबद्दल रोमचा निर्णय बरोबर धरला, तरी या स्त्रियांकडून सही मागण्यात आर्चबिशप चुकले आणि राजाही चुकला.