दारीचा देव ओलांडू नये



भाविक वारकरी मंडळी, पंढरीस गेलेला प्रत्येक जण गाभाऱ्यापर्यंत पोचतोच असे नाही. आषाढीच्या दाटीत कोणास पदस्पर्श घडतो, कोणी मुखदर्शनावर समाधान मानतो, कोणी लांबूनच कळसास हात जोडतो, तर कोणी महाद्वारी नामदेवरायांच्या पायरीवर माथा टेकून माघारी फिरतो. या दर्शनांत उणेअधिक काही नाही, असे आम्ही चाळीस वर्षे कीर्तनातून सांगत आलो. सांगत आलो खरे. पण आमचे स्वतःचे मन ते मानीत होते काय? याची परीक्षा पंढरीत झाली नाही, ती झाली समुद्रापलीकडे, कंबोज देशी. तेच आज निवेदन करावयाचे आहे.

गेली दोन वर्षे गुडघ्यांनी आमची पायी वारी बंद पाडली. मोटारीने जाऊन येतो, पण मनात सल राहिलाच. सिंगापुरात नोकरी करणारा पुतण्या म्हणाला, "काका, पायी चालणे नको म्हणतात, विमानात बसण्यास कोणी नको म्हटलेले नाही. चला, तुम्हाला जगातले सर्वांत मोठे विष्णुमंदिर दाखवतो." विष्णुमंदिर म्हटल्यावर आम्ही विरघळलो. मार्गशीर्ष महिना होता. सीएम रीप नावाच्या गावी उतरलो, आणि दुसऱ्याच दिवसाचा फेरा ठरला. सूर्योदयापासून दुपारपर्यंत, वाटाड्यासह.

तिकीट आदल्या संध्याकाळीच काढले. एका दिवसाचे ३७ डॉलर, म्हणजे आपले तीन हजार रुपयांवर. आमच्या तोंडून "अबब!" निघाले. तेव्हा कळले की २०१७ साली हा दर ठरला तेव्हापासून त्यातले २ डॉलर लहान मुलांच्या धर्मार्थ रुग्णालयास जातात. मग तोंड मिटले. ही रुग्णालयाची गोष्ट ध्यानात ठेवा, पुढे तिचा संबंध येणार आहे.

पहाटे साडेचारला वाटाड्या दाराशी उभा. चाळिशीचा, सावळा, हसतमुख. आम्हाला हात जोडून म्हणाला, "लोक ता." पुतण्याने अर्थ विचारला. त्यांच्या ख्मेर भाषेत 'ता' म्हणजे आजोबा. वडीलधाऱ्यास आदराने असे म्हणतात. आम्हास इंग्रजी बेताचे, तेव्हा पुतण्याच मध्ये दुभाषी.

अंगकोर वाट! 'अंगकोर' म्हणजे आपलेच 'नगर' हो. शब्द समुद्र ओलांडता ओलांडता घासला गेला इतकेच. राजा दुसरा सूर्यवर्मा याने बाराव्या शतकाच्या पूर्वार्धात हे विष्णूसाठी बांधले. ज्ञानेश्वर माउलींच्या अवतारापूर्वी शंभर-दीडशे वर्षांची ही गोष्ट. भोवती खंदक, तो सुमारे १९० मीटर रुंद. म्हणजे तो क्षीरसागर. मध्ये पाच शिखरे, तो मेरू. मधले शिखर जमिनीपासून ६५ मीटर. एवढा वालुकापाषाण आणला सुमारे दहा कोसांवरच्या कुलेन डोंगरातून.

आम्ही अंधारात विजेरीच्या उजेडाने खंदक ओलांडला आणि पश्चिमेच्या महाद्वारातून आत शिरलो. मागून पुढून माणसांचे लोंढे, सगळ्यांची घाई एकच की तळ्याकाठची चांगली जागा गाठावी. दाराच्या उजव्या अंगास आत कोठे तरी उदबत्तीचा वास आला, मिणमिणता दिवा दिसला. वाटाड्याने चालता चालता तिकडे वळून हात कपाळाशी नेले. आम्ही विचारले नाही. पुतण्या म्हणाला, "काका, लवकर, जागा जाईल." आणि आम्ही पाय ओढीत पुढे झालो.

तळ्याकाठी शेकडो माणसे. प्रत्येकाच्या हाती फोन, वर धरलेला. हळूहळू आभाळ जांभळे झाले, मग केशरी. पाच शिखरे आधी आभाळात आणि मग पाण्यात उमटली. हे मंदिर पश्चिमाभिमुख आहे, म्हणून येणारा पूर्वेकडे तोंड करून येतो आणि सूर्य शिखरांच्या पाठीमागून वर चढतो. विषुवदिनाच्या सुमारास तो महाद्वारातून बरोबर मधल्या शिखराच्या टोकावर उगवताना दिसतो. आम्ही मार्गशीर्षात गेलो, म्हणून तो उजव्या अंगाने आला. कोठूनही आला तरी सूर्यनारायणच तो! आम्ही अर्घ्यापुरते हात जोडले. फोन पटापट खाली आले आणि अर्ध्या घटकेत गर्दी पांगली.

मग वाटाड्याने ओवऱ्यांतील भिंतींवरची शिल्पे दाखविली. काय सांगावे! एका भिंतीवर कुरुक्षेत्र, एकीवर लंकेचे युद्ध. एकीवर यमधर्म, जवळ चित्रगुप्त, वर ३७ स्वर्ग आणि खाली ३२ नरक. जन्मभर आम्ही कीर्तनात ज्या यमाचे वर्णन केले, तो दगडात भेटला. आणि पूर्वेच्या भिंतीवर, ४९ मीटर लांब, समुद्रमंथन! मध्ये कूर्मावर मंदराचल आणि साक्षात विष्णू. एका बाजूस ९२ असुर, दुसऱ्या बाजूस ८८ देव, आणि मध्ये ताणलेला वासुकी.

येथे आमची छाती फुगली. आम्ही पुतण्यास म्हणालो, "सांग त्याला, हे सगळे आमचे. ही पुराणे आमची, ही संस्कृत वाणी आमची." त्याने सांगितले. वाटाड्या नुसता हसला आणि देवांच्या रांगेच्या शेवटी, वासुकीच्या शेपटीशी घेऊन गेला. तेथे एक भला मोठा वानर शेपूट धरून ओढतो आहे. वाटाडा म्हणाला, "हा हनुमान."

आमच्यातला शास्त्री जागा झाला. आम्ही म्हणालो, "चूक! मंथनाच्या वेळी हनुमंत कोठला? त्याचा जन्म त्रेतायुगातला. आमच्या पुराणात असे नाही."

तो शांतपणे म्हणाला, "लोक ता, तुमच्या पुराणात नसेल. आमच्या भिंतीवर आहे. गोष्ट तुमच्याकडून आली असेल, पण दगड आमच्या पूर्वजांनी वाहिले. माझ्या आईने तर १९७५ ते १९७९ या चार वर्षांत आपली माणसे उपासमारीत गमावली. तेव्हा गोष्ट सांगणारेही फारसे उरले नव्हते. मला लहानपणी तिने या वानराकडे बोट दाखवून सांगितले की सर्वांच्या शेवटी उभा राहतो, तोच सगळ्यांत जोर लावतो."

मंडळी, त्या चार वर्षांत त्या देशात पंधरा ते वीस लाख माणसे मेली. भुकेने, कष्टाने, हत्येने. अशा घरातली एक माय पोराला हनुमंत दाखवते, आणि आम्ही तेथे जाऊन त्याचे युग मोजीत बसतो! 'आमचे, आमचे' या शब्दाचे ओझे आम्हास तेथे प्रथम कळले. व्याकरण शिकलो, षष्ठी विभक्ती घोकली, पण ती कोठे लावू नये हे कोणी शिकविले नव्हते.

त्यानंतर आली खरी परीक्षा. मधल्या शिखराखालचा उंच चौथरा, त्यास बाकान म्हणतात. मूळ दगडी पायऱ्या इतक्या उभ्या की त्यांवर आता लाकडी जिना बसविला आहे, आणि तोही शिडीसारखा. वर एका वेळी ठरावीक माणसांनाच सोडतात. आम्ही पहिल्या पायरीवर पाय ठेवला, दुसऱ्यावर ठेवला आणि गुडघ्याने कळ मारली. खाली बसलो. हजारो कोस येऊन गाभारा चाळीस हातांवर राहिला! डोळ्यांत पाणी आले, हे लपविण्यात अर्थ नाही. पुतण्यास म्हटले, "तू जा. आमच्या वाटचा नमस्कार कर."

तो वर जाऊन आला. आम्ही विचारले, "विष्णुमूर्ती कशी आहे?"

"काका, आत विष्णू नाही. गाभाऱ्याची दारे केव्हाच भिंत घालून बुजविली. तेथे आता बुद्ध आहेत."

पुढल्या काळात त्या देशाने बुद्धमार्ग धरला आणि मंदिर भिक्षूंनी सांभाळले, म्हणून ते टिकले. आम्हास त्याचे दुःख होईल असे पुतण्यास वाटले. पण अहो, आपल्याकडील दशावतारांची चित्रे आठवा. नवव्या जागी कोठे बुद्ध असतो, तर कोठे विटेवरचा पांडुरंग. जागा एकच, नावे दोन. दुःख वेगळेच होते. आम्ही वर पोचलो नाही, याचे. आता पाहा, जो गाभाऱ्यात आहेच असे आम्ही धरून चाललो, तो तेथे नव्हता. आणि तरीही आम्ही रडत होतो. हा गाभाऱ्याचा लोभ होय, देवाची ओढ नव्हे.

पुढचा फेरा अंगकोर थोम, म्हणजे मोठे नगर. हे राजा सातवा जयवर्मा याचे. ११७७ साली शत्रूंनी राजधानी लुटली. ११८१ साली हा गादीवर आला. वेशीबाहेरच्या पुलावर एका बाजूस ५४ देव, दुसऱ्या बाजूस ५४ असुर नागाचा दोर ओढीत बसले आहेत. मिळून १०८, आपल्या जपमाळेचे मणी! आत बायोन नावाचे देवालय. त्याच्या शिखरांवर चारी दिशांना स्मित करणारी मुखे. आणि भिंतींवर कोण? तर बाजारात बसलेल्या बाया, मासे धरणारे कोळी, चुलीवर रांधणारे लोक. देवादिकांच्या भिंतीवर प्रपंचाला जागा दिलेली पाहून आम्हास फार बरे वाटले.

तेथून ता प्रोम. 'प्रोम' म्हणजे ब्रह्मा. ब्रह्मा आजोबा म्हणा. प्रचंड वृक्षांच्या मुळ्यांनी भिंती कवळल्या आहेत. मूळ काढावे तर भिंत ढासळते, ठेवावे तर भिंत फुटते. संसाराचा याहून नेमका दृष्टान्त आम्हास कोणत्या पोथीत मिळाला नाही. आपल्या भारताच्या पुरातत्त्व खात्यानेही या मंदिराच्या डागडुजीस हात लावला आहे.

पण मर्म पुढेच आहे. हे मंदिर जयवर्म्याने ११८६ साली आपल्या आईसाठी उभारले; देवीच्या मूर्तीस आईचे रूप दिले. मग ११९१ साली वडिलांसाठी दुसरे, प्रेआ खान. आईच्या मंदिराच्या शिलालेखात, जो संस्कृतात आहे बरे का, १०२ आरोग्यशाळांचा उल्लेख आहे. त्या काळच्या तेथील रुग्णालयांसाठी मध, तीळ, कापूर, जिरे अशी औषधे नोंदलेली आढळतात. वडिलांच्या मंदिराच्या लेखात वाटसरूंसाठी रस्तोरस्ती १२१ विश्रांतिगृहे. मायबापाची सेवा करता करता राजाला रोगी दिसले, वाटसरू दिसले. आपला पुंडलिक तरी काय वेगळे सांगतो? त्याने मायबापांचे पाय सोडले नाहीत, म्हणून देव दारात उभा राहिला. आणि ते २ डॉलर आठवा. आठशे वर्षांपूर्वीच्या आरोग्यशाळांची धार त्या तिकिटातून आजही थेंबथेंब वाहते आहे.

'देव दारात उभा राहिला' हे वाक्य मनात आले आणि आम्ही एकदम थांबलो. पहाटेचा उदबत्तीचा वास आठवला. वाटाड्यास विचारले, "पहाटे महाद्वारात तू कोणास नमस्कार केलास?"

तो म्हणाला, "ता रीच यांना."

'रीच' म्हणजे राजा. राजा आजोबा! आम्ही म्हणालो, "आम्हाला परत तेथे ने." ऊन रणरणत होते, फेरा संपत आला होता, पण तो मनापासून हसला आणि त्याने टुकटुक वळविली.

महाद्वाराच्या दक्षिणेकडील दालनात तो उभा आहे. माणसाहून कितीतरी उंच, आठ हातांचा, अंगावर केशरी वस्त्र. अष्टभुज विष्णू! वर गाभाऱ्यात ज्यास शोधीत होतो, तो खाली दारात. त्याच्या पुढे एक म्हातारी बसलेली. हाती कमळाच्या कळ्या, तीन उदबत्त्या. ती त्याच्याशी हळू आवाजात काहीतरी बोलत होती, घरातल्या वडीलधाऱ्याशी बोलावे तसे. तिला संस्कृत येत नसेल, पुराणे ठाऊक नसतील, कदाचित 'विष्णू' हे नावही ती घेत नसेल. ती त्याला आजोबा म्हणते. आपण नाही का माउली म्हणत?

पहाटे आम्ही याच देवास ओलांडून सूर्य पाहण्यास धावलो होतो. दिवसभर त्याला शिखरात शोधले, शिल्पांत शोधले, पुराणाच्या पानांत शोधले. तो उभाच होता.

म्हातारीने सरकून आम्हास जागा दिली. गुडघे टेकवत नव्हते, म्हणून उभ्यानेच हात जोडले आणि हळू आवाजात 'रामकृष्ण हरि' म्हटले. तिने मान हलविली. तिला कळले असेल की नाही, ठाऊक नाही. तिने आपल्या कळ्यांतील एक आमच्या हाती ठेवली, आम्ही ती देवापुढे वाहिली.

तात्पर्य इतकेच, मंडळी. मोठ्या दर्शनाच्या घाईत दारीचा देव ओलांडू नये. वारीला जाताना ज्या म्हाताऱ्याने वाटेवर पाण्याचा तांब्या पुढे केला, तो ओलांडू नये. घरी अंथरुणावर पडलेली आई ओलांडून पंढरी गाठू नये. आणि ज्यांचे पाय थकले, त्यांनी रडू नये. गाभारा आपल्यापासून दूर राहील, पण देव दारापर्यंत आलेला आहे.

यंदा आषाढीला आम्ही मोटारीनेच गेलो. नामदेवरायांच्या पायरीशी थांबलो, आणि या वेळी मनात सल नव्हता.

बोला, पुंडलिक वरदे हरि विठ्ठल!